४० किलो हिरवी मिरची: भाजली, वाळवली, बरणीत भरली

गेल्या वर्षी रामनवमीच्या दुसऱ्या दिवशी, म्हणजे ७ एप्रिल २०२५ ला, मंद्रूपजवळच्या शेतावरून दादाचा फोन आला. आदल्या तोडणीची १६० किलो मिरची त्यानं सोलापूरच्या मार्केट यार्डात नेली होती. भाव निघाला ११ रुपये. पट्टी त्यानं मला फोनवरच वाचून दाखवली: एकूण १७६० रुपये, त्यातून गाडीभाडं ४००, हमाली-तोलाई ९२, हातात १२६८. तोडणीला चार बायका होत्या, ३०० रुपये रोजानं १२०० त्यांना दिले. उरले ६८ रुपये. खत, औषध, पाणी अजून धरायचंच होतं. तो म्हणाला, "ताई, पुढची तोडणी यार्डात नेत नाही. झाडावरच लाल होऊ दे, नाहीतर शेळ्यांना घालतो."

मी म्हटलं, "४० किलो माझ्याकडं आणून टाक."

हे बोलताना ४० किलो मिरची दिसते कशी याची मला कल्पना नव्हती. मी जुळे सोलापुरात तिसऱ्या मजल्यावर राहते, नोकरी ग्रंथालयात, आणि तोवर मी उन्हाळी वाळवणातले फार तर पापड केले होते. पण पावसाळ्यात हिरवी मिरची शंभरी गाठते हे दरवर्षी पाहते, आणि ऊन तर आमच्याकडं फुकट आहे. पहिल्या खेपेला मला कुणी नीट सांगणारं भेटलं असतं तर एक तृतीयांश माल वाया गेला नसता. म्हणून झालं तसं, तारखांसकट लिहिते आहे.

आधी भाजायचं का, हे सांगते. माझा भाचा अमेरिकेत न्यू मेक्सिकोत असतो. तिथं हॅच नावाचं गाव मिरचीसाठी प्रसिद्ध आहे. ऑगस्ट-सप्टेंबरात दुकानांबाहेर जाळीचे मोठे पिंप गॅसच्या ज्वाळेवर गरागरा फिरतात, त्यात पोतंभर हिरवी मिरची भाजून देतात, आणि लोक ती सोलून वर्षभरासाठी फ्रीझरमध्ये ठेवतात. फ्रीझर नव्हते तेव्हा भाजून, सोलून उन्हात वाळवायचे. मेक्सिकोच्या चिवावा भागात अशा मिरचीला 'चिले पसादो' म्हणतात. भाच्यानं ते पिंपाचं चित्रण पाठवलं होतं, ते मी आत्याला दाखवलं. आत्या ७८ वर्षांची, मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर आमच्याकडेच राहायला आलेली. ती म्हणाली, "त्यात काय नवं? आम्ही चुलीच्या आरात भाजून माळवदावर टाकायचो. ठेच्याला." मिरची मुळात तिकडचीच, सोळाव्या शतकात पोर्तुगीजांबरोबर आपल्याकडं आली. तिला भाजून वाळवायची युक्ती दोन्हीकडं आपापली निघालेली दिसते.

भाजल्यानं दोन गोष्टी होतात. मिरचीच्या सालीवर मेणासारखा पातळ थर असतो, तो आतलं पाणी धरून ठेवतो. भाजल्यावर साल फुगते, तडकते आणि पाण्याला वाट मिळते. दुसरं म्हणजे कच्ची हिरवी मिरची उन्हात तशीच टाकली तर ती वाळता वाळता पिकते, काही लाल होतात, काही पांढुरक्या पडतात. धग लागली की पिकणं थांबतं. शिवाय धुराचा वास मिरचीत उतरतो, तो वर्षभर टिकतो.

पहिली खेप, १० किलो

आमच्या भागात तेव्हा पाचव्या दिवशी नळाला पाणी येत होतं. त्यामुळं मिरची कधी भाजायची हे पंचांगानं नाही, नळानं ठरवलं. ११ एप्रिलला शुक्रवारी पहाटे पाणी आलं. दादानं आदल्या संध्याकाळी १० किलोची पिशवी पोचवली होती. पुसा ज्वाला जातीची मिरची, लांब, सुरकुतलेली, पातळ सालीची, फिकट हिरवी.

इथं माझी पहिली चूक झाली. मी आधी जवळजवळ सगळी देठं काढली आणि मग मिरची टबात धुतली. देठाच्या जागी भोक पडतं, त्यातून पाणी आत जातं आणि आतच राहतं. पुसून काही उपयोग नाही. देठासकट धुवायची, कोरडी करायची, आणि देठ वाळल्यावरही तसंच ठेवायचं, हे मला पुढच्या खेपेला कळलं.

दुसरी चूक, मी स्वयंपाकघरात गॅसवर लोखंडी तव्यात भाजायला घेतली. अर्ध्या किलोनंतर घरात श्वास घेता येईना. आत्याला ठसका लागला तो थांबेना. तिला खालच्या मजल्यावरच्या अक्कांकडं नेऊन बसवलं. समोरच्या घरातल्या बाळाला खोकला सुरू झाला आणि त्याची आई दारात येऊन उभी राहिली. तिचं बरोबरच होतं. मी खिडक्या उघडल्या, गॅस बंद केला, तिची माफी मागितली. उरलेली साडेनऊ किलो मी रात्री अकरानंतर, दार लावून, तोंडाला ओला पंचा बांधून भाजली. दोन वाजले. मिरचीचा तिखटपणा पाण्यात विरघळत नाही, तेलात विरघळतो. म्हणून हातांना काम सुरू करण्याआधी गोडंतेल चोळायचं आणि वर हातमोजे घालायचे. मला हे ठाऊक नव्हतं. रात्रभर हात जळत होते, मी पाण्याखाली धरत होते आणि आग कमी होत नव्हती. पहाटे आत्यानं साय लावली तेव्हा झोप लागली.

१२ तारखेला हनुमान जयंती. सकाळी नऊ वाजता मिरची गच्चीवर टाकली. भाजलेली मिरची रात्रभर परातीत ढीग करून ठेवली होती, हीसुद्धा चूकच. ओली गरम मिरची ढिगात राहिली की चिकट होते, आंबूस वास येतो. भाजल्यावर तासाभरात पसरायला हवी. म्हणजेच भाजणं पहाटे हवं.

ऊन ४२ अंशांचं. पाचव्या दिवशी मिरची हाताला कडक लागली, १७ एप्रिलला मी १ किलो २०० ग्रॅम वजन करून तीन बरण्यांत भरली आणि समाधानानं फळीवर ठेवली. २३ तारखेला एका बरणीच्या काचेला आतून बारीक थेंब दिसले. उघडली. देठाच्या जागी, जिथं भोक होतं तिथं, करडी-हिरवी बुरशी. चार मिरच्यांवर दिसत होती, पण मी ती आख्खी बरणी, ४०० ग्रॅम, फेकून दिली. बुरशी खरवडून उरलेली वापरायची नाही. मिरचीवर वाढणाऱ्या काही बुरशी अफ्लाटॉक्सिन नावाचं विष तयार करतात, ते शिजवल्यानं जात नाही. दिसली नाही म्हणून बाकीच्यात नसेल असंही धरता येत नाही.

फेकताना फार वाईट वाटलं. ४०० ग्रॅम म्हणजे दादाची सव्वातीन किलोहून जास्त ताजी मिरची. मी आत्याला विचारलं, कडक झाली होती की, मग कुठं चुकलं?

तिनं चांगल्या बरणीतल्या, देठ काढायचं राहून गेलेल्या मिरच्यांतली एक घेतली. तिला अजून अक्षर दिसत नाही, पण तिनं ती डोळ्यांजवळ नेलीच नाही. कानाजवळ नेली आणि हलवली. मग दुसरी. दुसरी माझ्या हातात दिली. "ही ऐक." काही आवाज नव्हता. "आता ही." आत बिया खुळखुळत होत्या, वाळूसारख्या. मग तिनं देठ दोन बोटांत धरून वाकवलं. खुळखुळणाऱ्या मिरचीचं देठ कट्‌कन मोडलं, मुक्या मिरचीचं वाकलं आणि तसंच राहिलं. "साल काय गं, दोन दिवसांत कडक होती. पाणी बियांच्या गादीत असतंय आणि देठात. ते वाळलं की मिरची बोलती."

वाळवणातली माझी सगळी समजूत त्या दोन मिरच्यांनी बदलली. उरलेल्या दोन्ही बरण्या मी पुन्हा गच्चीवर ओतल्या, एकेक मिरची कानाशी हलवली, मुक्या वेगळ्या काढून आणखी दोन दिवस ऊन दिलं.

सोसायटीचा अर्ज

दुसऱ्या खेपेला घरात भाजायचा प्रश्नच नव्हता. गच्चीवर शेगडी लावायची तर सोसायटीची परवानगी हवी. सेक्रेटरींनी तोंडी 'बघू' म्हटलं. मी १९ एप्रिलला लेखी अर्ज दिला. त्यात काय लिहिलं ते सांगते, कारण कुणाला उपयोगी पडेल: नेमक्या तारखा, वेळ पहाटे ५ ते ८, किती शेगड्या, कोळसा कुठं विझवणार, शेजारी पाण्याची बादली आणि वाळू, सोलर पॅनेल आणि पाण्याच्या टाक्यांपासून किती लांब, आणि काम झाल्यावर गच्ची धुवून देणार. ज्यांच्या घरात बाळ किंवा दम्याचं माणूस आहे अशा तीन घरी आधी जाऊन सांगितलं, त्यांच्या सह्या अर्जावर घेतल्या. २१ तारखेच्या बैठकीत दोघांनी आक्षेप घेतला. शेवटी दोन सकाळींची परवानगी मिळाली, त्यापुढं नाही. ते मला योग्यच वाटलं. पहाटे वारा कमी असतो आणि लोकांच्या खिडक्या बंद असतात, त्यामुळं कुणालाही त्रास झाला नाही.

कोळशाची शेगडी घरात, बंद खोलीत किंवा काचा लावलेल्या बाल्कनीत कधीही पेटवू नका. तिच्यातून निघणाऱ्या वायूला वास नसतो आणि माणूस झोपेतच जातो.

दुसरी खेप, २० किलो

पाणी २६ एप्रिलला शनिवारी आलं. देठांसकट मिरची धुतली आणि पुसायला टॉवेल वापरले. एमआयडीसीत टॉवेल कारखान्यांच्या दुकानात किंचित दोष असलेला माल किलोवर मिळतो. मी १८० रुपये किलोनं दोन किलो आणले. टर्किशचा जाड टॉवेल पाणी फार छान ओढतो. एकावर मिरची पसरायची, दुसऱ्यानं वरून दाबायची, आणि रात्रभर पंख्याखाली ठेवायची. मलमल चार मीटर, ६० रुपये मीटरनं २४०. कोळसा सहा किलो, ५० रुपयांनी ३००. शेगड्या दोन, एक आमची, एक अक्कांची.

२७ तारखेला पहाटे साडेचारला मी, माझी मुलगी आणि अक्का गच्चीवर गेलो. प्रत्येक मिरचीला देठाखाली सुरीच्या टोकानं एक टोचा मारला. हे विसरू नका. टोचा नसेल तर आतली वाफ मिरची फोडते आणि गरम बी उडून डोळ्यात जाऊ शकतं. शिवाय वाळताना तीच बारीक वाट आतल्या ओलाव्याला उपयोगी पडते.

कोळसा लाल होऊन त्यावर राखेची पांढरी साय आली की जाळी ठेवायची. ज्वाळ असताना नाही, ज्वाळेनं मिरची वरून काळी होते आणि आत कच्ची राहते. एका वेळी पाव किलो, तीन-चार मिनिटं, चिमट्यानं सतत हलवत. आधी मिरची चमकदार, गडद हिरवी होते. मग सालीवर बारीक फोड येतात, चुर्र असा आवाज येतो, फोडांची टोकं तपकिरी होतात. तिथं काढायची. काळे डाग थोडे चालतात, पूर्ण काळी झालेली मिरची वाळल्यावर कडू लागते. मी पहिली दोन किलो जरा जास्त भाजली, अक्का म्हणाल्या, "पुरे पुरे, उरलेलं ऊन भाजेल." तसंच झालं.

दोन किलो भजीची जाड मिरची मी कस्तुरबा मंडईतून वेगळी आणली होती, भाच्याच्या गावासारखी सोलून बघायला. जाड मिरची भाजून लगेच पातेल्यात झाकून दहा मिनिटं ठेवली की साल आपोआप सुटते, बोटानं ओढली तरी निघते. पातळ ज्वाला मिरचीची साल सोलायच्या भानगडीत पडू नका, सालीबरोबर गरही निघून येतो. सोललेली भजीची मिरची चिरून बिया काढून वाळवली, ती फार सुंदर झाली, पण दोन किलोतून दीडशे ग्रॅमच मिळाली.

साडेसातला शेगड्या विझवल्या. आठ वाजता सगळी मिरची बाजेवर, जुन्या सोलापुरी चादरीवर एकेरी थरात पसरलेली होती. जमिनीवर टाकण्यापेक्षा बाज बरी, खालून वारा लागतो. वरून मलमल. याची दोन कारणं. आपल्याकडं एप्रिलमध्ये दुपारी धूळ उठते आणि कबुतरं फिरतात, हे एक. दुसरं, थेट उन्हात हिरवा रंग उडतो. मलमलीखाली मिरची अर्धा दिवस जास्त घेते, पण वाळल्यावरही हिरवटच राहते. संध्याकाळी सहाला चादरीची चारही टोकं उचलून गाठोडं घरात. रात्री बाहेर ठेवली की गारव्यानं दिवसभराचं वाळलेलं परत सैल पडतं.

या वेळी मी एक किलो मिरची वेगळ्या ताटात ठेवली आणि रोज संध्याकाळी तिचं वजन लिहिलं. भाजल्यावर ८३० ग्रॅम. पहिल्या दिवशी ४१०. दुसऱ्या दिवशी २२५. तिसऱ्या दिवशी १५०. चौथ्या दिवशी १२६, पाचव्या दिवशी १२३, सहाव्या दिवशी १२३. लागोपाठ दोन दिवस वजन हललं नाही की झालं. ताज्या हिरव्या मिरचीत शंभरात ८५-८८ भाग पाणीच असतं, त्यामुळं किलोमागं सव्वाशे ग्रॅमच्या आसपास येणं बरोबर आहे. तुमचा आकडा थोडा वेगळा येईल, पण वजन अजून उतरत असेल तर ती अजून ओली आहे, कितीही कडक लागू दे. तरी मी आत्याला बसवून मूठमूठ ऐकवली. तिनं वीसेक मिरच्या बाजूला काढल्या. देठं वाकली.

२ मेला एकूण २ किलो ४५० ग्रॅम. लगेच घट्ट झाकण लावायचं नाही, हे पहिल्या बरणीनं शिकवलं होतं. बरणी पाऊण भरायची, आठ दिवस रोज एकदा हलवायची, काचेवर आतून धुकं येतं का पाहायचं. आलं तर पुन्हा ऊन. नाही आलं तर मग गच्च भरून झाकण. कडेला हिंगाचा एक खडा, आत्याच्या सांगण्यावरून. जास्त दिवस ठेवायची असेल तर आधी तीन-चार दिवस फ्रीझरमध्ये ठेवून काढा, किड्याची अंडी असतील तर मरतात. बाहेर काढल्यावर पिशवी पूर्ण साध्या तापमानाला आली की मगच उघडा, नाहीतर मिरचीवर दव धरतं.

१०० रुपयांचा कागद

वॉर्डातल्या बचत गटाच्या ताईंनी मिरची पाहिली आणि त्यांच्या स्टॉलवर ठेवायला मागितली. विकायचं म्हटलं की अन्न नोंदणी लागते, घरातून विकलं तरी. एकानं दीड हजार सांगितले, 'सगळं आम्ही करू' म्हणून. मी ऑनलाइन पाहिलं तर तेव्हा, २०२५ मध्ये, वार्षिक उलाढाल १२ लाखांपर्यंत असेल तर साधी नोंदणी पुरत होती आणि तिची सरकारी फी वर्षाला १०० रुपये होती. सरकारच्या अन्न सुरक्षा प्राधिकरणाच्या फोसकॉस या पोर्टलवर स्वतःच अर्ज करता येतो. फोटो, ओळखपत्र, पत्त्याचा पुरावा आणि कोणता पदार्थ बनवणार याची माहिती. ३ मेला रात्री तासाभरात भरून झाला.

६ मेला अर्ज त्रुटी दाखवून परत आला. लाइट बिल यांच्या नावावर, अर्ज माझ्या नावावर. यांचं जागा वापरायला हरकत नाही असं साध्या कागदावरचं सहीचं पत्र जोडलं आणि पुन्हा पाठवला. असं परत आलं तर घाबरू नका, फी पुन्हा भरावी लागत नाही, पण ठरलेल्या मुदतीत उत्तर द्यावं लागतं, म्हणून रोज एकदा पोर्टल उघडून बघा, एसएमएसच्या भरवशावर राहू नका. १३ मेला १४ आकडी नोंदणी क्रमांक आला. घर बघायला कुणी आलं नाही, पण येऊ शकतात, म्हणून स्वयंपाकघराचा ओटा आणि पाण्याची साठवण नीट ठेवली होती. पाकिटावर पदार्थाचं नाव, घटक, निव्वळ वजन, पॅकिंगची तारीख, किती दिवसांत वापरावं, पत्ता, शाकाहाराचं हिरवं चिन्ह आणि तो क्रमांक, एवढं छापलं. पाकिटं आणि लेबलं मिळून ३५० रुपये.

शंभर ग्रॅमची १८ पाकिटं, १३० रुपयांनी, २३४० रुपये आले. टॉवेल, मलमल, कोळसा, नोंदणी, पाकिटं असा १३५० खर्च वजा केला. उरलेले ९९० मी दादाला दिले. ४० किलोनं भागलं तर किलोला पावणेपंचवीस रुपयांच्या जवळ पडले. आमच्या कष्टाची मजुरी त्यात धरलेली नाही, हे लक्षात घ्या. ती धरली तर हा धंदा होत नाही.

तिसरी खेप, १० किलो, आणि पाऊस

परवानगीच्या दोन सकाळींतली दुसरी मी राखून ठेवली होती, तरी शेवटच्या तोडणीची १० किलो मी भाजली नाही. अक्कांची इच्छा होती ताकातली मिरची करायची. अक्का सोलापूरच्या पूर्व भागातल्या, घरात तेलुगू बोलतात, त्यांच्याकडं तिला चल्ला मिरपकायलु म्हणतात. आत्याचं माहेर अक्कलकोटकडचं, ती म्हणते आमच्या शेजारच्या कानडी बायका हीच मिरची करायच्या, फक्त मीठ अंमळ कमी. मी दोघींचं ऐकलं आणि मीठ अक्कांचं घेतलं. त्याचा पुढं फायदा झाला.

११ मेच्या रात्री मिरचीला उभी चीर देऊन आंबट ताकात, मीठ आणि हिंग घालून भिजत घातली. १२ तारखेला, बुद्धपौर्णिमेला, निथळून उन्हात. रात्री पुन्हा त्याच ताकात. १३ ला ऊन, रात्री ताक. ताक संपेपर्यंत असंच करायचं असतं. १४ मेला दुपारी साडेतीनला मी ग्रंथालयात होते. खिडकीतून पश्चिमेकडं आभाळ काळं दिसलं. घरी फोन केला, मुलगी क्लासला, आत्याला गच्चीचा जिना चढता येत नाही. रिक्षानं घरी पोचेपर्यंत वीस मिनिटं गेली आणि तेवढ्यात टपोरा पाऊस होऊन गेला होता. मलमल मिरचीला चिकटलेली, बाजेखाली ताकाचं पांढरं पाणी.

एरवी वळीव येतो आणि दुसऱ्या दिवशी कडक ऊन पडतं. गेल्या मेमध्ये तसं झालं नाही, आभाळ येतच राहिलं. त्या वर्षी मान्सून २४ मेला केरळात पोचला, २००९ नंतर इतक्या लवकर पहिल्यांदाच, आणि २६ मेला तर मुंबईत होता. ज्यांचं वाळवण मेच्या मध्यावर गच्चीवर होतं त्या सगळ्यांचे त्या वर्षी हाल झाले.

आम्ही हॉलमधलं सामान हलवलं, बाज आत आणली, दोन टेबलफॅन लावले, मिरची एकेक सुटी केली. १६ तारखेला बाजेच्या मधल्या भागातली चिकट झाली, तिला तार सुटत होती. ती सगळी टाकली, जवळजवळ निम्मी. कडेची, जिला वारा चांगला मिळाला आणि जिच्यात मीठ नीट मुरलं होतं, ती वाचली. १८-१९ ला दोन दुपारी ऊन पडलं, तेवढ्यात ती उरकली. ७०० ग्रॅम. अक्का रडवेल्या झाल्या होत्या, त्यांना वाटत होतं त्यांनी आग्रह केला म्हणून नुकसान झालं. मी त्यांना सांगितलं, भाजलेली असती तरी भिजलीच असती, उशीर मी केला. ही मिरची एप्रिलच्या मध्यापर्यंत व्हायला हवी. आणि घरात दिवसभर जिना चढू शकेल असं माणूस नसेल तर सकाळी निघतानाच मिरची आत घेऊन जावी, एक दिवस जास्त लागला तरी चालेल.

जुलैत मंडईत हिरवी मिरची १२० रुपयांवर गेली तेव्हा आम्ही पहिली बरणी फोडली. भाजून वाळवलेल्या सात-आठ मिरच्या कोमट पाण्यात पंधरा मिनिटं भिजवायच्या, देठं तेव्हा काढायची, लसूण, मीठ आणि मूठभर भाजलेले शेंगदाणे घालून खलबत्त्यात ठेचायच्या, वरून कडकडीत तेल. भिजवलेलं पाणी टाकू नका, आमटीत घाला. कडक भाकरीबरोबर हा ठेचा ताज्या मिरचीच्या ठेच्यापेक्षा वेगळा लागतो, धुरकट, आणि तिखट जरा उशिरा चढतं.

एक बरणी मुद्दाम न उघडता ठेवली होती, किती टिकते बघायला. ती यंदा भोगीला, १३ जानेवारीला, उघडली. घरात बाजरीची भाकरी, भोगीची भाजी, गड्ड्याला, म्हणजे सिद्धेश्वराच्या जत्रेला, जायची गडबड. बरणीत धुकं नाही, जाळं नाही, रंग शेवाळी हिरवा. मी एक मिरची आत्याच्या हातात दिली. तिनं कानाशी नेली, हलवली, आणि दादाला विचारलं, "यंदा रोपं कधी लावणार?"

तो म्हणाला, या महिन्याच्या शेवटी. सोसायटीचा अर्ज मी या वेळी मार्चमध्येच देणार आहे, आणि अन्न नोंदणीची मुदत तेव्हाच्या नियमानं मेपर्यंतच होती, ती संपण्याआधी नूतनीकरण करायचं, हे फ्रिजवर लिहून लावलं होतं.